हिंसेचे चित्रण आणि पाहणाऱ्याचा वाटा

(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेतील भाषण)



पन्नास वर्षांपूर्वी ट्रस्टची स्थापना झाली त्या काळी अहिंसेवरील व्याख्यानांत कत्तलखाना, शिकार, सर्कशीतील जनावरे, ओझ्याच्या गाडीला जुंपलेले बैल असे विषय येत असत. ती हिंसा बाहेर कोठेतरी घडे आणि श्रावक आपल्या घरात तिच्यापासून दूर असे. निदान तशी त्याची समजूत असे. आज पाणी गाळून पिणाऱ्या आणि सूर्यास्तापूर्वी जेवण आटोपणाऱ्या घरातही मोबाइलच्या पडद्यावर एखाद्या मुक्या जीवाचे हाल दाखवणारी चित्रफीत केव्हाही येऊन उभी राहते. ती कोणी मागवलेली नसते. एखाद्या नातलगाने ती कळवळ्याने पाठवलेली असते, दुसऱ्याने नुसत्या कुतूहलाने. अशी चित्रफीत दाखवणाऱ्या कंपनीने ती ठेवावी की काढावी, सरकारने त्यात कोठवर लक्ष घालावे, आणि पाहणाऱ्यावर त्या पापाचा काही भार येतो की नाही, हा आजच्या भाषणाचा विषय आहे.

जून २०२३ मध्ये ब्रिटनच्या बीबीसीने सुमारे वर्षभराच्या शोधानंतर एक प्रकरण उजेडात आणले. इंडोनेशियातील काही माणसे लांब शेपटीच्या माकडांच्या पिलांचा छळ करून त्याचे चित्रण करीत होती, आणि अमेरिका, ब्रिटन आदी देशांतील गिऱ्हाइके पैसे मोजून ते चित्रण विकत घेत होती. प्रारंभी ही मंडळी यूट्यूबवर एकत्र आली. पुढे टेलिग्रामवरील खासगी गटांत गेली. छळ कसा करावा याच्या सूचनाही गिऱ्हाइकेच देत. इंडोनेशियात व अमेरिकेत त्यावर खटले होऊन काहींना तुरुंगवास झाला. रंग आणि पन्हा गिऱ्हाइकाने सांगावा आणि मागावरून तसा ताका उतरावा, त्याच रीतीचा हा व्यवहार होता. फरक एवढाच की येथे माल म्हणजे एका पिलाचे प्राण होते.

या गिऱ्हाइकाने माकडाला हातही लावलेला नव्हता. सामान्य व्यवहारबुद्धी अशा माणसाला हिंसक म्हणताना बिचकते. जैन कर्मविचार तेथे बिचकत नाही. उमास्वातींनी तत्त्वार्थसूत्राच्या सहाव्या अध्यायात जीवाधिकरणाचे भेद सांगितले आहेत. संरंभ, समारंभ व आरंभ हे तीन; मन, वचन व काया यांचे तीन योग; कृत, कारित व अनुमत हे तीन; आणि क्रोध, मान, माया व लोभ हे चार कषाय. यांचा गुणाकार १०८ होतो, आणि जपमाळेच्या १०८ मण्यांचा संबंध या भेदांशी जोडण्याची परंपरा आहे. पैसे देऊन छळ करवणारा कारितात येतो. एक पैसाही न देता तीच चित्रफीत आवडीने पाहणारा अनुमतात येतो. संगणक, मोबाइल यांपैकी काहीही नसताना हा हिशेब मांडून ठेवलेला आहे.

शिवाय फुकट पाहणारा खरोखर फुकट पाहतो काय, हेही तपासले पाहिजे. चित्रफीत किती जणांनी पाहिली यावर जाहिरातीचे उत्पन्न ठरते. तिच्याखाली कोणी संतापाने दोन ओळी लिहिल्या, तर यंत्राच्या लेखी त्या ओळीही ‘लोकांना यात रस आहे’ अशाच नोंदल्या जातात आणि चित्रफीत आणखी शंभर जणांपुढे ठेवली जाते. आशियात काम करणाऱ्या प्राणिकल्याण संस्थांच्या एका आघाडीने जुलै २०२० ते ऑगस्ट २०२१ या काळात यूट्यूब, फेसबुक व टिकटॉक यांवरील छळाच्या चित्रफितींची मोजदाद केली. ५,४८० चित्रफिती आढळल्या, आणि त्या एकूण ५३० कोटींहून अधिक वेळा पाहिल्या गेल्या होत्या. इतके सारे पाहणारे क्रूर असतील असे मानवत नाही. पुष्कळसे हळहळलेच असतील. पण त्या खतावणीत हळहळीचे वेगळे खाते नाही.

म्हणून अशा चित्रणाबाबत पहिला प्रश्न असा विचारावा लागतो: कॅमेरा नसता तर ही हिंसा घडली असती का? घडली नसती, तर ती हिंसा पाहणाऱ्यासाठीच झाली आहे आणि तिचा प्रत्येक प्रेक्षक कळत नकळत तिचा आश्रयदाता ठरतो. असे चित्रण प्रदर्शनातून काढून टाकण्यात विचारस्वातंत्र्याची हानी कोठे होते, हे समजणे कठीण आहे. कॅमेरा नसतानाही ती हिंसा घडतच होती, असे असेल तर मात्र ते चित्रण साक्षीदार ठरते, आणि साक्षीदाराचे तोंड बंद करण्यात हिंसकाचाच लाभ असतो. कत्तलखान्यात, प्रयोगशाळेत, जनावरे कोंबून नेणाऱ्या ट्रकमध्ये लपून केलेले चित्रण या दुसऱ्या वर्गातील आहे.

कायद्याला ही रेषा आखणे किती अवघड जाते ते अमेरिकेच्या उदाहरणावरून दिसते. केवळ विकृत आनंदासाठी लहान प्राण्यांना चिरडण्याच्या चित्रफिती तेथे विकल्या जात, म्हणून १९९९ मध्ये प्राण्यांच्या क्रूर छळाचे चित्रण व्यापारासाठी तयार करणे, विकणे वा बाळगणे हा गुन्हा ठरवण्यात आला. धार्मिक, शैक्षणिक, पत्रकारितेचे किंवा तत्सम गंभीर मूल्य असलेल्या चित्रणास सूट होती. त्या कायद्याखाली कुत्र्यांच्या झुंजीच्या चित्रफिती विकणाऱ्या स्टीव्हन्स नावाच्या इसमाला ३७ महिन्यांची शिक्षा झाली. २० एप्रिल २०१० रोजी तेथील सर्वोच्च न्यायालयाने आठ विरुद्ध एक अशा मतांनी तो कायदाच रद्द केला. सरन्यायाधीश रॉबर्ट्स यांच्या मते कायद्याची शब्दरचना इतकी सैल होती की शिकारीचे चित्रणही तीत अडकले असते. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये अमेरिकी संसदेने प्राणी चिरडण्याच्या चित्रफितींपुरता आखूड व नेमका कायदा केला, आणि २०१९ मध्ये ते कृत्यही देशव्यापी गुन्हा ठरवले. दरम्यान २०१४ मध्ये प्राण्यांच्या झुंजीला प्रेक्षक म्हणून हजर राहणेही तेथे गुन्हा ठरले. ब्रिटनने २०२३ च्या ऑनलाइन सुरक्षा कायद्यात प्राण्यांना विनाकारण यातना देण्याच्या गुन्ह्याचा समावेश कंपन्यांनी प्राधान्याने रोखावयाच्या गुन्ह्यांत केला. सैल कायदा न्यायालयात टिकत नाही आणि फार आवळलेल्या कायद्यातून गुन्हेगार निसटतो. कापड बेतताना दोन बोटांचा अंदाज चुकला तर काय होते ते या सभेतील पुष्कळांना ठाऊक आहे.

भारतात यासंबंधीचा मूळ कायदा १९६० चा. रुक्मिणीदेवी अरुंडेल यांनी राज्यसभेत मांडलेल्या खासगी विधेयकामुळे त्याला चालना मिळाली. त्याचे ११ वे कलम वाचताना श्रावकाला ओळखीचे काहीतरी वाचल्यासारखे वाटते. अहिंसाणुव्रताचे पाच अतिचार बंध, वध, छेद, अतिभारारोपण आणि अन्नपाननिरोध हे दोन्ही परंपरांत मान्य आहेत. बांधून ठेवणे, मारणे, अवयव तोडणे, झेपणार नाही इतके ओझे लादणे, अन्नपाणी तोडणे. कलमातही हेच पाच प्रकार वेगळ्या शब्दांत आलेले आहेत. त्याच कलमात मनोरंजनासाठी प्राण्यांची झुंज लावणारा दोषी आहे, आणि अशा झुंजीच्या जागी प्रवेशाचे पैसे घेणाराही दोषी आहे. १९६० मध्ये ती जागा म्हणजे गावाबाहेरचे मैदान होते. पैसे घेऊन प्रेक्षक आत सोडण्याचे आजचे मैदान कोणते, याचा विचार कायदेपंडितांनी करावा. दंड मात्र त्या कलमाखाली पहिल्या गुन्ह्यास १० ते ५० रुपये एवढाच. प्राण्याला ठार मारणे वा अपंग करणे यासाठी १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या ३२५ व्या कलमात पाच वर्षांपर्यंत कारावास आहे, हे त्यातल्या त्यात बरे.

चेन्नईचे जुलै २०१६ मधील प्रकरण पुष्कळांना आठवत असेल. वैद्यकीय शिक्षण घेणाऱ्या एका तरुणाने एका कुत्रीला इमारतीच्या गच्चीवरून खाली फेकले आणि त्याच्या सोबत्याने ते चित्रित केले. चित्रफीत पसरली, देशभर संताप उसळला. प्राणिप्रेमी कार्यकर्त्यांनी शोध घेतला तेव्हा ती कुत्री हाडे मोडलेल्या अवस्थेत जिवंत सापडली. तिचे नाव भद्रा ठेवण्यात आले, तिच्यावर उपचार झाले आणि ती वाचली. दोन्ही तरुणांना अटक झाली. कॅमेऱ्याचा जो प्रश्न वर मांडला, तो येथे लटपटतो. हे कृत्य उघडच कॅमेऱ्यासाठी केलेले होते, आणि तरीही त्या चित्रफितीवाचून भद्रेचा कोणाला पत्ताही लागला नसता. कंपनीच्या यंत्राने ती पहिल्याच मिनिटाला पुसून टाकली असती तर कुत्री तशीच पडून राहिली असती.

यातून एवढे निष्पन्न होते की दाखवणे आणि जपणे या दोन भिन्न क्रिया आहेत. दुकानाची खतावणी कोणी दर्शनी काचेत मांडीत नाही, आणि जाळूनही टाकीत नाही. ती तिजोरीत असते आणि मागितली की अधिकाऱ्यापुढे ठेवली जाते. छळाची चित्रफीत लोकांसमोरून हटवावी आणि पोलिसांसाठी सांभाळून ठेवावी, ही रीत सर्वांत न्याय्य दिसते. भारत सरकारच्या २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांत कंपन्यांना तक्रार अधिकारी नेमणे बंधनकारक झाले, आणि काढून टाकलेला मजकूर तपासासाठी १८० दिवस जतन करण्याची तरतूदही आली. श्रावकाने अशी चित्रफीत आल्यावर पाच गटांत पुढे ढकलण्याऐवजी तिचा पत्ता टिपून कंपनीकडे व पोलिसांकडे तक्रार करावी. पुढे ढकलणे सोपे असते आणि त्यातून काहीतरी केल्याचे समाधानही मिळते, म्हणून तक्रारीचा मार्ग फारसा कोणी धरीत नाही.

आता ही छाननी प्रत्यक्ष करतो कोण? यंत्रे पुष्कळ काम करतात, पण पशुवैद्याची शस्त्रक्रिया कोणती आणि छळ कोणता हे पुष्कळदा माणसालाच पाहून ठरवावे लागते. हैदराबादसारख्या शहरांत सुशिक्षित तरुण-तरुणी पाळीपाळीने बसून जगाने टाकलेली घाण चाळतात. अमेरिकेत हे काम करून मनाचा आजार जडलेल्या कर्मचाऱ्यांच्या दाव्यात २०२० मध्ये फेसबुकने ५ कोटी २० लाख डॉलर देऊन तडजोड केली. अशी नोकरी करणारी मुले आता जैन घरांतही असू शकतील, आणि हे काम धर्माला धरून आहे काय असा प्रश्न त्यांच्या मनात येईल. पांजरपोळात जखमेतले किडे काढणारा सेवकही जखम पाहतोच. त्याच्या पाहण्याला दोष लागत नाही, कारण त्यात रस नसून सेवा आहे. या मुलांचे पाहणेही त्याच जातीचे आहे. त्यांना अपुरा पगार, अपुरी विश्रांती आणि मानसोपचाराची वानवा सोसावी लागत असेल, तर तीही एक हिंसाच होय, आणि ती हिंसा पंचेंद्रिय संज्ञी जीवाची आहे हे निराळे सांगायला नको.

दोषी पाहणे कोणते, याचे नावच शास्त्रात आहे. तिसऱ्या गुणव्रतात अनर्थदंडाचा, म्हणजे निष्प्रयोजन पापाचा त्याग सांगितला आहे. उपासकदशांगात त्याचे चार प्रकार येतात. आचार्य समंतभद्रांनी रत्नकरंड श्रावकाचारात पाच सांगितले: पापोपदेश, हिंसादान, अपध्यान, प्रमादचर्या आणि दुःश्रुति. दुःश्रुति म्हणजे चित्त कलुषित करणारे ऐकणे. पाठशाळेत हा शब्द मुले घोकतात आणि विसरतात, कारण त्याचे उदाहरण म्हणून त्यांना जुन्या काळच्या कथा सांगितल्या जातात. त्यांच्या खिशात जे असते त्याचा उल्लेख गुरुजींनी केला तर बरे होईल.

कंपन्यांच्या नियमांनाही श्रावकाने फार मोठे मानू नये. त्या नियमांत शिकार, मासेमारी आणि अन्न तयार करणे यांना साधारणतः सूट असते. कुत्र्या-मांजराला लाथ मारली की चित्रफीत निघते. जाळ्यात तडफडणाऱ्या मासळीची राहते, आणि तिच्यावर पाककृतीचे शीर्षक असते. रेशमाचे कोष उकळत्या पाण्यात टाकले जातात तो देखावा तर हस्तकलेची माहिती म्हणून दाखवला जातो. एका साडीमागे कित्येक हजार कोष, आणि प्रत्येक कोषात एक त्रस जीव. कापडाच्या पेढीवर ही गोष्ट गिऱ्हाइकाला नुसती सांगितली तर ते मान डोलावते आणि पुढची साडी उलगडायला सांगते. कढईचे चित्र एकदा पाहिले तर एखाद्या बाईचे मन रेशमावरून उडूही शकते. तेव्हा हिंसेचे सर्वच चित्रण काढा, अशी मागणी जी मंडळी सरसकट करतात त्यांनी थोडे थांबावे.

उत्तराध्ययनाच्या बाविसाव्या अध्ययनात नेमिकुमारांची कथा आहे. राजीमतीशी विवाहासाठी निघालेल्या नेमिकुमारांना वाटेत कोंडलेले, भयभीत पशू दिसले. सारथ्याला विचारले तेव्हा कळले की लग्नाच्या जेवणावळीसाठी ते आणलेले आहेत. अंगावरची आभूषणे सारथ्याला देऊन ते परतले आणि पुढे रैवतकावर, म्हणजे गिरनारवर, दीक्षा घेतली. वऱ्हाडाला वाईट दिसू नये म्हणून कोणी त्या वाड्याला पडदे लावले असते, तर? पडदा लावणाऱ्याचा हेतू चांगलाच असता. रक्तपाताच्या चित्रणापुढे कंपन्या जो धूसर पडदा आणि इशारा ठेवतात, तो त्या दृष्टीने योग्य वाटतो: मुलाच्या डोळ्यांपुढे ते अवचित येत नाही आणि जाणून घेऊ इच्छिणाऱ्याला वाट मोकळी राहते.

या कथेत आणखी एक गोष्ट आहे. नेमिकुमारांनी यजमानांवर जमाव नेला नाही. त्यांनी वळवला तो स्वतःचा रथ. हे येथे सांगण्याचे कारण अप्रिय आहे, परंतु समाजाच्या व्यासपीठावर ते टाळणे योग्य होणार नाही. बकरी ईदच्या सुमारास कुर्बानीच्या चित्रफिती जैन घरांच्या गटांतून फिरू लागतात. चित्रण कोणत्या वर्षाचे, कोणत्या देशाचे, हे पाठवणाऱ्यालाही ठाऊक नसते. सोबतचा मजकूर वाचला म्हणजे बोकडाविषयीची करुणा दोन ओळींत आटोपून उरलेल्या दहा ओळी शेजारच्या वस्तीवर खर्ची पडलेल्या दिसतात. धर्मविधीनुसार केलेल्या वधाला १९६० च्या कायद्याचे २८ वे कलम गुन्हा मानीत नाही. ते कलम बदलावे असे ज्यांना वाटते त्यांना संसदेकडे व न्यायालयाकडे जाण्याचा मार्ग मोकळा आहे. परंतु द्वेष पसरवण्यासाठी मेलेल्या बोकडाचा उपयोग करणे ही भावहिंसा आहे, आणि तिला दयेचे नाव दिल्याने चार कषायांपैकी माया तीत अधिक मिसळते. ज्या गटाच्या नावात ‘अहिंसा’ आहे त्याच्या चालकाने असा मजकूर काढून टाकला, तर तो त्याच्या हातातला अधिकार योग्य रीतीने वापरतो.

एक चित्रफीत म्हणजे निकाल नव्हे, याचा प्रत्यय दक्षिण महाराष्ट्रातील समाजाने अलीकडेच घेतला आहे. जुलै २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालय व त्यानंतर सर्वोच्च न्यायालय यांच्या निर्णयानुसार नांदणी मठाच्या महादेवी हत्तिणीला जामनगरच्या केंद्रात हलवण्यात आले. त्या दिवसांत एकीकडे तिच्या पायांच्या जखमांची छायाचित्रे फिरत होती आणि दुसरीकडे निरोपाच्या वेळी तिच्या डोळ्यांतून ओघळणाऱ्या पाण्याची चित्रफीत. ज्याच्या मोबाइलवर जे आले त्यावर त्याचे मत ठरले. हत्तीण एकच होती. न्यायालयापुढे उच्चाधिकार समितीचे अहवाल होते. ते पूर्ण वाचून मत बनवणारे दोन्ही बाजूंना किती निघतील?

शेवटी दानाविषयी. समाजाच्या करुणेला हात घालण्याचा एक नवा धंदा निघाला आहे. साप, अजगर वा खोल खड्डा यांच्या तावडीत पिलू मुद्दाम सोडायचे, मग त्याला ‘वाचवायचे’, आणि त्याचे चित्रण दाखवून पैसे मागायचे. यूट्यूबने २०२१ मध्ये असे बनावट बचावाचे चित्रण आपल्या नियमांत स्पष्टपणे निषिद्ध ठरवले, तरी ते थांबलेले नाही. चित्रपटासाठी प्राणी वापरायचा तर २००१ च्या नियमांखाली परवानगी लागते आणि पडद्यावर प्रारंभी तशी पाटी दिसते. हातातल्या मोबाइलवर चित्रण करणाऱ्याच्या दारात कोणी जात नाही. पर्युषणात जीवदयेसाठी जी रक्कम निघते, तिला असले चित्रण पाहून पाय फुटू नयेत. मुंबईत भुलेश्वरचा पांजरपोळ १८३४ पासून उभा आहे, आणि त्याला इतकी वर्षे दान मिळत गेले ते कोणत्याही चित्रफितीशिवाय. आपल्या तालुक्यातील गोशाळेत वा पांजरपोळात विश्वस्तांनी वर्षातून दोनदा, शक्यतो न कळवता जावे. चाऱ्याची पावती, औषधांची नोंदवही आणि पशुवैद्याची सही पाहावी, किती जनावरे आली आणि किती दगावली हे विचारावे, आणि मगच धनादेश लिहावा.